मेव्हण्यावर नेमणूक

बायको जाऊन अकरा महिने झाले. भेटायला येणारी माणसं अजून म्हणतात, "लय गरीब बाई. कधी वर तोंड करून बोलली न्हाई." मी ऐकून घेतो आणि मनात म्हणतो, ही माणसं दुसऱ्याच कुणाच्या तरी दुःखाला आली आहेत. माझी बायको रोज बोलायची. चूक दिसली की तिथल्या तिथं बोलायची, समोर नवरा असो नाहीतर भाऊ. अशा बाईला ती गेल्यावर मुकी करून टाकतात याचा मला राग येतो, म्हणून घडलं ते लिहितो. माझं शिक्षण चौथीपर्यंतचं. नटवून लिहायला जमणार नाही, आणि जमलं असतं तरी तिला ते चाललं नसतं.

आमचं गाव विट्यापासून दोन कोसांवर, खडकाळ माळाचं. तेव्हा सांगलीचं संस्थान निराळं होतं आणि आम्ही सातारा जिल्ह्यात मोडायचो. मोठी लढाई संपली होती, पलटणीतले गडी घरी येत होते. तरण्यांपैकी निम्मे सोनं गाळायच्या दुकानांवर परमुलखात, राहिलेले आम्ही बाजरी-मटकीच्या मागं. गावाला प्यायच्या पाण्याची विहीर एकच, पायविहीर. तिच्या दगडी पायऱ्या माझ्या बायकोच्या आज्यानं बांधल्या होत्या. बायका घागर घेऊन खाली उतरायच्या, घोट्याएवढ्या पाण्यात उभ्या राहून घागर बुडवायच्या आणि वर यायच्या. गडी त्याच पाण्यात पाय धुवायचे आणि तिथंच ओंजळीनं प्यायचे.

आणि गावात नारू होता. आता कुणी पाहिलेला नसतो म्हणून सांगतो. पायाला फोड यायचा, फोड फुटायचा आणि आतून पांढऱ्या दोऱ्यासारखा किडा तोंड काढायचा. तो काडीला गुंडाळून रोज बोटभर बाहेर ओढायचा. घाई केली आणि तुटला, की पाय भोपळ्यासारखा सुजायचा आणि माणूस दोन-दोन महिने खाटेवर. बायकोला लग्नाआधी एकदा आणि लग्नानंतर एकदा असा दोनदा निघाला. दुसऱ्यांदा ऐन काढणीत. ती बांधावर बसून काडी फिरवायची आणि तिथूनच मला सांगायची की पेंढ्या सैल बांधताय.

तिचं माहेर गावातच, वरच्या आळीला. वडील ती लहान असताना गेले आणि आई पाठोपाठ. तिला वाढवलं ते थोरल्या भावानं. लग्नही त्यानंच लावून दिलं, स्वतःचा एक बैल विकून. तिला जगात माहेर म्हणून होता तो हा एक भाऊ. भाऊबीजेला तो आमच्या घरी यायचा, पाटावर बसायचा, आणि ती त्याला ओवाळताना जशी दिसायची तशी मला वर्षात दुसऱ्या कुठल्या दिवशी दिसली नाही.

तर गावात पंचायतीची निवडणूक झाली. एका बाजूला जुने सरपंच, दुसऱ्या बाजूला पलटणीतून पेन्शनीवर आलेले सुभेदार. मी सुभेदारांच्या बाजूनं उभा राहिलो, मेव्हणा सरपंचांच्या बाजूनं. सुभेदारांच्या बाजूचे आम्ही सगळे पडलो. एकही निवडून आला नाही. सरपंचांनी पंचांना कामं वाटून दिली: एकाकडं रस्ते, एकाकडं शाळा, एकाकडं रेशनचं धान्य आणि मेव्हण्याकडं पाणी.

दुसऱ्या दिवशी सकाळी सुभेदारांनी आम्हाला त्यांच्या खळ्यावर बोलावलं. आम्ही चौघं गेलो. वाटलं, म्हातारा शिव्या घालणार. बघतो तर घोंगडी अंथरलेली, मधे तबक, तबकात पानाचे चार विडे.

"बसा," सुभेदार म्हणाले. "आज आपलं पंचमंडळ नेमायचंय."

"आवं सुभेदार, आपुन पडलोय," एकजण म्हणाला. "नेमतोय ते जिंकलेले."

"म्हाईत हाय मला. पाडलंय मलाच." सुभेदारांनी मिशीवरनं हात फिरवला. "लढाईत आमच्या कंपनीवर एक गोरा कप्तान हुता. त्यानं सांगितलेलं. विलायतेत जी पार्टी पडती, तिचा पुढारी घरी जाऊन झोपत न्हाई. राज्याचा एकेक मंत्री बघतो आन् त्येच्यासमोर आपला एकेक माणूस नेमतो. ह्यो खजिन्यावर, ह्यो फौजंवर. पगार न्हाई, शिपाई न्हाई. त्यो मंत्री जाईल तिथं ह्यो त्येच्या सावलीगत मागं."

"मागं राहून करायचं काय?"

"तीन गोष्टी सांगायच्या. त्यानं काय केलं, ही एक. काय केलं न्हाई, ही दोन. आन् त्येच्या जागी मी असतो तर काय केलं असतं, ही तीन. पयल्या दोन कुनी बी सांगंल. ज्येच्यापाशी तिसरी न्हाई त्यानं तोंड उघडायचं न्हाई. नुसती नालस्ती करनारा मला नगो."

बोलायचा दिवसही त्यांनी ठरवला. अमावस्येला आमच्याकडं कुणी औत जुंपत नाही, बैलांना सुट्टी. त्या दिवशी सगळा गाव मोकळा असतो आणि चावडीपुढं जमतो. तिथं उजेडात, पंचांच्या तोंडावर बोलायचं. पारावर बसून कुजबुजायचं नाही.

मग त्यांनी विडे वाटायला घेतले. खरी रीत अशी की काम पुढं ठेवायचं, आणि ज्याला करायचंय त्यानं आपल्या हातानं विडा उचलायचा. सुभेदारांना ही रीत ठाऊक होती, पण पलटणीत कुणी कुणाला विचारत नाही. त्यांनी विडा उचलला आणि हातात कोंबला. रस्त्यावरच्या पंचासमोर त्याचाच व्याही नेमला. शाळेवरच्या पंचासमोर त्याचाच चुलतभाऊ. रेशनवरच्या पंचासमोर त्याचा साडू. शेवटचा विडा माझ्या हातात आला.

"तू पान्यावर."

"पान्यावर माजा मेव्हणा हाय, सुभेदार."

"म्हनूनच तू. परका गेला तर त्येला उंबऱ्यात उभा करतील. तू गेलास तर घोंगडं टाकतील, च्या देतील, मनातलं सांगतील. आतली खबर सोयऱ्यालाच मिळती. पलटणीत ह्याला अक्कल म्हनत्यात."

आम्हाला ते त्या वेळी फार हुशारीचं वाटलं. विडा खाऊन आम्ही तोंडं लाल केली आणि घरी गेलो. गाव आम्हाला पडके पंच म्हणायला लागलं. पोरंसोरंसुद्धा. रस्त्यावर नेमलेला गडी एकदा खड्ड्यात पाय मुरगळून बसला तर लोक म्हणाले, "बघा, कामाला लागला."

बायकोला मी सांगितलं तेव्हा ती चुलीपुढं होती. भाकरी तव्यावर टाकली आणि म्हणाली, "दादावर तुमाला नेमलं?"

"व्हय."

"आन् तुमी विडा खाल्ला?"

"हातातच दिला सुभेदारांनी."

"हातात इख दिलं असतं तर?" तिनं भाकरी उलटली. मग विचारलं, "काय काय बघायचंय?" मी तीन गोष्टी सांगितल्या. ती म्हणाली, "तिसरी चांगली हाय."

मी महिनाभर मेव्हण्याकडं जात राहिलो. सुभेदार म्हणाले तसंच झालं. घोंगडं टाकलं, चहा दिला, मनातलं सांगितलं. विहिरीच्या बाबतीत त्याच्या मनात काही नव्हतंच. गाळ काढायचा, पायऱ्या धुऊन घ्यायच्या, दसऱ्याला आज्याच्या नावानं पहिल्या पायरीवर नारळ फोडायचा. मी नारूचं काढलं. सुभेदारांनी आम्हाला सांगितलेलं, पलटणीच्या डॉक्टरानं त्यांना दाखवलेलं, की नारू निघालेला माणूस पाण्यात उतरला की किड्याचं बी पाण्यात पडतं आणि तेच पाणी आपण पितो. मेव्हणा हसला. "दाजी, माज्या आज्यानं गावाला पानी दिलं. रोग न्हाई दिला." त्याच्या चहात साखर घातलेली होती. साखर तेव्हा रेशनवर. मी चहा पिऊन गप्प उठून आलो.

घरी बायकोनं माझं तोंड बघूनच ओळखलं. "च्या प्यालात," ती म्हणाली.

पहिली अमावस्या आली. चावडीपुढं सगळं गाव, पंच जाजमावर, आम्ही चौघं समोर जमिनीवर. सुभेदार कडक इस्त्रीच्या कोटात. आधी रस्त्यावर नेमलेला उठला. समोर त्याचा व्याही. पोटची लेक त्या घरात नांदत होती.

"पंचांनी काय केलं," तो म्हणाला आणि थांबला. "लय केलं."

लोक हसले.

"काय केलं न्हाई, ते मला काय दिसलं न्हाई. त्येंच्या जागी मी असतो तर... तर म्या बी ह्येच केलं असतं." आणि बसला.

शाळेवर नेमलेल्यानं चुलतभावाची तारीफ केली आणि वर सांगितलं की शाळेचं छप्पर गळतं ते पावसामुळं. रेशनवर नेमलेला आलाच नव्हता, साडूच्या घरी बारशाला जेवायला गेला होता. गाव पोट धरून हसत होतं. सरपंच म्हणाले, "सुभेदार, असलं पंचमंडळ असंल तर आमाला दुसरं बी नेमून द्या. लय आधार वाटतो."

सुभेदारांचा चेहरा मी त्या दिवशी पाहिला. युद्धात दोनदा जखमी झालेला माणूस तो, पण असा पडलेला कधी दिसला नव्हता. त्यांना तिथंच कळलं की आपण काय करून बसलो. आतली खबर सोयऱ्याला मिळते, खरं आहे. पण ज्याच्या घरचं पाणी पितो, लेक ज्याच्या पदरात टाकतो, त्याच्यावर गावापुढं कसं बोलणार? विलायतेत मंत्र्यांची सोयरीक कशी असते मला ठाऊक नाही. आमच्यात तरी हे होणं नव्हतं.

माझी पाळी यायच्या आत ते उठले. "आज एवढंच. पान्याचं म्होरल्या अमावस्येला." मला बाजूला घेऊन म्हणाले, "चूक माजी. तुज्या जागी परका नेमतो. तुज्या बायकूचं माहेर मोडायला न्हाई मी ही पार्टी काढली."

मला सुटल्यासारखं वाटलं. हे लिहायला लाज वाटते, पण वाटलं.

घरी येऊन बायकोला सांगितलं. वाटलं, तिलाही बरं वाटेल. ती पायाच्या घोट्याजवळची नारूची जुनी खूण चोळत बसली होती, विचारात असली की तिचा हात तिथं जायचा. म्हणाली, "परका बोलला तर दादा म्हनंल, वैरानं बोलला. गाव बी तेच म्हनंल. पायऱ्या तशाच राहतील."

"मग?"

"तुमीच बोला."

"अगं, तो दार लावंल. तुला भाऊ राहनार न्हाई."

"मला भाऊ हाय तो हाय. दार लावल्यानं भाऊ मरत न्हाई." मग माझ्याकडं रोखून बघितलं. "पन तिसरी गोष्ट नीट पायजे. नुसतं बुजवा म्हनलात तर मीच उठून तुमाला खाली बसवीन."

पुढचा महिनाभर तिसरी गोष्ट तिनं तयार केली. मी औत धरणारा माणूस, मला विहिरीचं काय ठाऊक? पाणी ती आणत होती. रोज येऊन एकेक सांगायची. पायऱ्यांच्या तोंडाशी भिंत घालायची. भोवतीनं कठडा. एक रहाट पुरायचा नाही, सकाळी बायकांची गर्दी असते, दोन पाहिजेत. जनावरांना प्यायला बाहेर दगडी डोण, म्हणजे कुणी गुरं आत उतरवणार नाही. आणि सगळ्यात महत्त्वाचं तिनं शेवटी सांगितलं: वरच्या पायऱ्यांचे दगड काढून त्याच दगडांची डोण आणि कठडा करायचा. "आज्याचा एक बी दगड बाहेर जायचा न्हाई. दादाला ह्ये पयलं सांगा."

अमावस्या आली. मी उठलो. परका नको, मीच बोलतो, असं सुभेदारांना आधीच सांगितलं होतं. समोर मेव्हणा, धुतलेलं पागोटं बांधून.

काय केलं ते सांगितलं: गाळ काढला, चांगला काढला. काय केलं नाही ते सांगितलं: गावात त्या साली नारूनं कितीजण खाटेवर पडले ते सगळ्यांना दिसत होतं, आणि पाण्याच्या पंचानं त्यावर काही केलं नाही. मग तिसरी. बायकोनं शिकवलेलं सगळं, क्रमानं. फक्त दगडांचं पहिल्यांदा सांगायचं ते घाबरल्यामुळं शेवटी राहिलं. आणि शेवटचं ऐकायला मेव्हणा थांबलाच नाही. "पायऱ्यांच्या तोंडाशी भिंत" म्हटल्याबरोबर तो उभा राहिला.

"माज्या आज्याच्या पायऱ्या बुजवायला माजाच दाजी उठला!"

"पाव्हणं, ऐकून घ्या, दगड—"

"माज्या घरचा च्या पिऊन! बैल इकून बहीण दिली तुमाला!" त्याचा आवाज फुटला. "तिला सांगा, दिवाळीला पाट मांडू नगो. मला बहीण न्हाई."

चावडीपुढं एकही माणूस हसला नाही. मी उभाच राहिलो आणि दगडांचं बोलून संपवलं. कुणी ऐकत नव्हतं. सुभेदार तेवढे ताठ बसून ऐकत होते.

मी घरी जाऊन बायकोला शब्दन् शब्द सांगितला. लपवलं असतं तर गावानं सांगितलंच असतं. ती घागर उचलून बाहेर पडली. मागं गेलो तर ती विहिरीवर. पायऱ्या न उतरता, वरून, काठावर पोटावर पालथी पडून दोरीनं घागर सोडत होती. बायका पायऱ्यांवरून बघत होत्या. एकीनं विचारलं, "काय गं, आज्याच्या पायऱ्या टोचाय लागल्या व्हय?"

"आज्या असता तर त्यानंच दोरी दिली असती," ती म्हणाली आणि घागर वर ओढली. अर्धी सांडली. परत सोडली. त्या दिवसापासून तिनं पायरीला पाय लावला नाही. हाताला फोड आले, फोडांचे घट्टे झाले. महिन्या-दोन महिन्यांत आणखी दोघीजणी दोऱ्या घेऊन यायला लागल्या. बाकीच्या उतरतच राहिल्या.

दिवाळी आली. भाऊबीजेला तिनं पाट मांडला. मेव्हणा आला नाही. दिवस कलला तेव्हा शेजारीण म्हणाली, "आता चंद्राला ओवाळ. भाऊ नसला की चंद्राला ओवाळत्यात."

"ज्याला भाऊ न्हाई तिनं ओवाळावं," बायको म्हणाली. "माजा जिता हाय, वरच्या आळीला."

तबक पदराखाली धरून ती निघाली. मी मागोमाग गेलो, पण दारातच थांबलो. मेव्हणा सोप्यात चऱ्हाट वळत बसला होता. ती आत आलेली बघून त्यानं भिंतीकडं तोंड फिरवलं. तिची वहिनी चौकटीला धरून उभी, तिच्या डोळ्यांत पाणी. बायकोनं कुंकवाचं बोट पुढं नेलं, तिला कपाळ सापडेना. मग ती त्याच्या मागंच उभी राहिली आणि पाठीला ओवाळलं. तीनदा. अक्षता पागोट्यावर टाकल्या. त्याच्या हातातलं चऱ्हाट थांबलं होतं, पण तो वळला नाही.

वाटेत मी म्हणालो, "पाठीला ओवाळून काय मिळालं?"

"पाठ बी माज्याच भावाची हाय नव्हं?"

पुढच्या वर्षी तेच झालं. त्याच्या पुढच्या वर्षीही.

सुभेदारांनी त्यांचं पंचमंडळ मोडलं नाही. सोयरे काढून जागा अदलाबदल केल्या. रस्त्याचा गडी शाळेवर, शाळेचा रेशनवर, रेशनचा रस्त्यावर. मी मात्र पाण्यावरच राहिलो, कारण माझं जे मोडायचं ते मोडून झालं होतं. दर अमावस्येला आम्ही उठलो आणि तीन गोष्टी सांगितल्या. पाऊस असेल तर घोंगडी डोक्यावर घेऊन. लोक पहिल्यांदा हसायला यायचे, मग ऐकायला यायला लागले. मी दर वेळी तेच बोललो: भिंत, कठडा, दोन रहाट, डोण आणि दगड. बायको घरी उजळणी घ्यायची. सुभेदार म्हणायचे, "पडलेल्यानं एकदा बोलून भागत न्हाई. जिंकलेल्याच्या कानाला घट्टा पडंस्तवर बोलायचं."

पुढची निवडणूक आम्ही जिंकली. तोवर साताऱ्याचा दक्षिण भाग तोडून आमचा वेगळा जिल्हा झाला होता आणि या निवडणुकीत मेव्हणा पडला. सुभेदार सरपंच झाले. पाण्याचं काम माझ्याकडं आलं. या वेळी विडा तबकात ठेवला होता, मी स्वतः उचलला.

उन्हाळ्यात विहिरीचं काम काढलं. भिंत घातली, आज्याचे दगड काढून कठडा आणि डोण केली, दोन रहाट बसवले. नारूचा माणूस पाण्यात उतरायचा बंद झाला. मला फार मोठं काम केल्यासारखं वाटत होतं. कठडा मी छातीइतका उंच घेतला. पोर पडू नये, जनावर पडू नये. बांधताना बायको येऊन म्हणाली, "एवढा उंच? म्हाताऱ्या बाया वाकनार कशा? घागर वर आली की धरनार कशी?"

"बांधकामातलं तुला काय कळतंय?" मी म्हणालो.

हे मी तिला म्हणालो. तिसरी गोष्ट सगळी तिची असताना म्हणालो. ती काही न बोलता निघून गेली. तेवढी एकच वेळ ती बोलली नाही, आणि मला वाटलं, पटलं तिला.

दिवाळी झाली. तिनं पाठीला ओवाळलं. त्यानंतरची अमावस्या आली. आम्ही आता जाजमावर बसलो होतो आणि पुढं जमिनीवर जुन्या पंचांची माणसं. त्यांनी आपलं पंचमंडळ वगैरे नेमलं नव्हतं, नुसती तोंडं पाडून बसले होते. पाण्याचं निघालं तेव्हा मागनं कुणीतरी उठलं. मेव्हणा. पागोटं काढून काखेत धरलेलं.

"मला कुनी नेमलेलं न्हाई," तो म्हणाला. "पन पान्यावर मी बोलनार."

सुभेदार पुढं सरकून बसले. "तिन्ही हायत का?"

"तिन्ही हायत." त्यानं माझ्याकडं बघितलं. तीन वर्षांत पहिल्यांदा. "दाजींनी काय केलं? नारूचं पानी बंद केलं. बरं केलं. ह्ये मी करायला पायजे हुतं, मी केलं न्हाई." पागोटं दुसऱ्या काखेत घेतलं. "दाजींनी काय केलं न्हाई? बायांची उंची बघितली न्हाई. कठडा गड्याच्या छातीचा. खालच्या आळीची म्हातारी टाचा वर करून रहाट धरती, घागर कठड्याला आपटून फुटती. एकीचा हात मधे सापडला. मी त्यांच्या जागी असतो तर कठड्याला भाईरनं पावलाएवढा रुंद वटा घातला असता, दोन्ही रहाटांखाली. दगड आज्याचेच हायत, कठडा-डोण करून उरल्यात."

गाव माझ्याकडं बघत होतं. चिडून घरी आलो आणि बायकोला सांगितलं, तुझा भाऊ आज गावापुढं माझ्या कठड्याला नावं ठेवून बोलला.

ती दळत होती. जातं थांबलं. "म्हनला? वट्याचं म्हनला?"

तेव्हा माझ्या डोक्यात प्रकाश पडला. "तुला कसं म्हाईत वट्याचं?"

"मीच सांगितलं. दिवाळीला. तुमाला सांगितलं तर तुमाला ऐकू येईना. म्हनलं, पाठीला सांगून बघावं." ती हसायला लागली आणि हसता हसता पदर डोळ्यांना लावला. "ऐकू आलं म्हनायचं दादाला."

दुसऱ्या दिवशी सकाळी मी पहार घेऊन विहिरीवर गेलो. उरलेले दगड ओढून ओटा घालायला सुरुवात केली. थोड्या वेळानं मेव्हणा आला. हात न लावता उभा राहिला आणि सांगायला लागला. हा दगड तिरका आहे. तो पालथा घाला. खाली मुरूम दाबला नाहीत. मी दोनदा त्याला उलटून बोललो, तो तीनदा मला बोलला. इतकी वर्षं गप्प राहिलेला माणूस, सगळं एका सकाळीच काढत होता.

उन्हं वर आली तशी बायको घागर घेऊन आली. अर्ध्या झालेल्या ओट्यावर चढली, रहाटाला हात घातला, घागर सोडली आणि सहज वर घेतली. कठडा आता तिच्या कमरेला लागत होता. "अजून चार बोटं पायजे," ती म्हणाली.

"तेच म्हनतोय मी दाजींना," मेव्हणा म्हणाला.

तो तिच्यासमोर उभा होता, तोंड तिच्याकडं करून. तिनं घागर तिरकी केली. त्यानं ओंजळ पुढं धरली, पाणी प्याला, उरलेलं तोंडावर मारलं. कपाळ ओलं झालं. तिनं पदराच्या टोकानं ते पुसलं, लहान पोराचं पुसावं तसं, आणि म्हणाली, "चल घरी. भाकरी टाकते."

ती दोघं पुढं निघाली, भांडत. त्याचं म्हणणं तो घरून जेवून आलाय, तिचं म्हणणं हे खोटं आहे. मला कुणी हाक मारली नाही. मी ओट्यावर वाकून बघितलं. तिसरा दगड खरोखरच तिरका बसला होता. पहार घातली आणि तो काढला.